हत्ती सातव्या ओळीत

१

प्लातोन कोबालिया मेला तेव्हा त्याच्या नाकावर चष्मा होता, मांडीवर शाल होती आणि पुढ्यात बुद्धिबळाचा पट मांडलेला होता. ग्रँडमास्टरला शोभेलसं मरण आलं, असं मजल्यावरच्या राखणदार नाझिब्रोलाबाईंना वाटलं. सकाळचा चहा हातात धरून त्या दोन मिनिटं दारात उभ्या राहिल्या, थोडं रडल्या आणि मग चहा फुकट जायला नको म्हणून तो स्वतःच पिऊन खाली सांगायला गेल्या.

हे साडेसातला. आठला डॉक्टर आला. सव्वाआठला त्यानं बातुमीला फोन लावला आणि नऊ वाजता एतेरी चकोनिया जीपमधून कोबुलेतीच्या त्या समुद्राकाठच्या, बुद्धिबळाची स्पर्धा भरलेल्या विश्रामगृहात उतरली. सरकारी वकिलांच्या कचेरीत तपास अधिकारी म्हणून तिला अठरा वर्षं झाली होती. लग्नात जॉर्जियातल्या रीतीप्रमाणे तिला माहेराहून बुद्धिबळाचा पट मिळाला होता. नवरा पुढे सोडून गेला, पट राहिला, आणि या वाटणीबद्दल तिची काही तक्रार नव्हती.

"हृदय बंद पडलं असं लिहिणार होतो," डॉक्टर म्हणाला. "अडुसष्ट वय, रात्री दीड शेर मांस, वर चाचा, ती द्राक्षांची कडक दारू. पण हे बघा." त्यानं प्रेताचा खालचा ओठ उलटा केला. आतून दातांनी ओठ फाटला होता आणि दातांच्या फटीत एक पांढरं पीस अडकलं होतं. "उशी. अकरा ते एकच्या दरम्यान कधीतरी."

"आणि चष्मा?"

"चष्म्याचं काय?"

"तोंडावर उशी दाबून माणूस मारला, तो हातपाय झाडतोय, आणि चष्मा नाकावर जिथल्या तिथे? काचेवर साधा ओरखडा नाही?" एतेरी वाकून बघत होती. "हा नंतर चढवलाय. शाल नंतर घातलीय. म्हातारा डावाचा विचार करता करता गेला असं आपल्याला वाटावं, म्हणून कुणीतरी एवढी मेहनत घेतलीय."

मग तिनं पटाकडे पाहिलं. सोंगट्या थोड्याच होत्या. पांढरा हत्ती सातव्या ओळीत, थेट शत्रूच्या गोटात जाऊन उभा होता. तिनं सिगारेटच्या पाकिटाच्या पाठीवर सगळी मांडणी उतरून घेतली.

बाहेर व्हरांड्यात पन्नाशीचा एक किडकिडीत माणूस भिंतीला टेकून उभा होता. डोळे सुजलेले, छातीशी एक जाड वही. हा झाउर तोदुआ, प्लातोनचा सहायक. डाव रात्रीपुरता तहकूब झाला, पुढची चाल पाकिटात बंद झाली की ग्रँडमास्टर घोरतात आणि सहायक पटाशी बसतो, हा या धंद्यातला शिरस्ता. तो झाउरनं सत्तावीस वर्षं पाळला होता.

"आम्ही जिंकत होतो, बाई," तो म्हणाला. "बारा पानं भरलीत मी. कुठल्याही बाजूनं आला तरी आर्सेन बाबायानला सुटका नव्हती. आज अकराला पाकीट उघडलं असतं, बाराला तो हरला असता आणि प्लातोन अंतिम फेरीत."

"रात्री तुम्ही त्यांच्याकडे आला होतात?"

"छे. साडेनऊला जेवणावरून उठलो तो खोलीत गेलो. माझी खोली ही शेजारचीच. सकाळपर्यंत वहीतून मान वर केली नाही."

एतेरीनं वही मागून घेतली. पहिल्या पानावर पहिली ओळ ठळक अक्षरांत होती. हत्ती सातव्या ओळीत.

"हीच चाल पाकिटात आहे?"

"हीच," झाउर म्हणाला आणि त्या सुजलेल्या डोळ्यांत क्षणभर भलताच अभिमान चमकून गेला.

२

खालच्या फोनवर सरकारी वकील अंबरोसी वाट बघत होते. त्यांना मॉस्कोहून दोनदा विचारणा झाली होती आणि अशा वेळी त्यांचा आवाज चिरका होत असे.

"बाबायानला उचल. काल जेवताना चाळीस माणसांसमोर त्यानं म्हाताऱ्याला काय सांगितलं माहीत आहे ना? 'उद्या तू पटावर बसणार नाहीस.' पावणेअकराला तो मेलेल्याच्या दाराशी होता, तुझ्या त्या राखणदार बाईनं पाहिलंय. आणखी काय हवंय तुला, फोटो?"

"साहेब, जरा..."

"बारापर्यंत तो मला कोठडीत दिसला पाहिजे. नाहीतर त्याच्या जागी तू माझ्यासमोर बसशील."

एतेरीनं फोन ठेवला. चोवीस वर्षांचा पोरगा. खुनाचा आरोप, तोही राष्ट्राच्या लाडक्या ग्रँडमास्टरच्या खुनाचा. गोळीच घालतील. बारा वाजायला पावणेतीन तास होते.

आधी ती प्लातोनच्या बायकोकडे गेली. मेदेआ त्याची तिसरी बायको, चाळिशीची, धिप्पाड आणि शांत. नवरा घोरतो म्हणून ती व्हरांड्याच्या दुसऱ्या टोकाला झोपत असे. तिच्या खोलीत शिरल्यावर एतेरीला संत्र्यांचा वास आला. बाई सोलून सोलून खात बसली होती.

"रडायला हवं ना मी?" मेदेआ म्हणाली. "संध्याकाळी रडेन. लोक यायला लागले की."

"तुम्हाला बुद्धिबळ येतं?"

"घोडा कसा चालतो तेवढंही येत नाही. तो म्हणायचा, म्हणूनच तुला केली."

"त्यांचं आणि झाउरचं कसं होतं?"

"झाउर म्हणजे त्याचा मेंदू. सगळ्यांना ठाऊक आहे, फक्त बोलत कुणी नाही. ते 'कोबालियाची पद्धत' म्हणून क्लबाक्लबांतून शिकवतात ना? झाउरनं आमच्या स्वयंपाकघरात शोधली ती. घेवड्याचं लोबिओ शिजत होतं. मी साक्षीला आहे." तिनं एक फोड तोंडात टाकली. "बेल्ग्रेडचं पहिलं बक्षीस, हवानाचं दुसरं, सगळं त्याच्या वह्यांतून. आणि झाउर अजून नुसता मास्टर. म्हातारा होत चाललाय बिचारा."

"प्लातोन कृतघ्न होते?"

"खोटारडा होता. खोटं बोलायची त्याला गरज नसायची, तरी बोलायचा. जेवून आला तर सांगायचा उपाशी आहे. आपल्याला एखादी गोष्ट माहीत नाही, एवढं कबूल करायला त्याची जीभ कधी वळली नाही. तुम्ही सांगितलं की समुद्र आज हिरवा आहे, तर तो म्हणणार, मी पहाटेच पाहिला." मेदेआ पहिल्यांदाच थोडी हलली. "अशा माणसाशी संसार केलाय मी नऊ वर्षं. मारायचा असता तर पहिल्याच वर्षी मारला असता, बाई. आता कशाला एवढे कष्ट?"

एतेरीला ते पटलं. उठता उठता तिनं विचारलं, "तहकूब डाव असला की रात्री ते पटाशी बसायचे?"

"तो? पट उघडला की त्याला झोप यायची नाही. म्हणूनच तर झाउर ठेवला होता."

३

आर्सेन बाबायान आपल्या खोलीत पलंगाच्या कडेवर बसला होता. दारात शिपाई होता. पोराची पाचावर धारण बसली होती, आणि भीती लपवायला तो उद्धटपणा करत होता.

"पकडा ना. मी अर्मेनियन, तो तुमचा जॉर्जियन देव. कोण विचारतंय खरं काय ते?"

"मी विचारतेय. तू त्याला धमकी दिलीस?"

"ताई, ती धमकी होती का? त्यानं भर पंगतीत मला विचारलं, 'पोरा, तुझी आई अजून बाजारात मिरच्या विकते का? तू ग्रँडमास्टर झालास तर तिला दुकान मिळेल ना?' सगळे हसले. मी म्हटलं, उद्या तू पटावर बसणार नाहीस. म्हणजे मी तुला हरवून उठवीन."

"आणि मग पावणेअकराला त्याच्या दाराशी गेलास. कशाला?"

आर्सेनचे कान लाल झाले.

"बोल. इथे लाज महाग पडेल तुला."

"बरोबरी मागायला," तो पुटपुटला. "मला अर्धाच गुण हवा होता. अर्धा गुण मिळाला की ग्रँडमास्टरचा किताब. डाव मला वाईट वाटत होता. म्हणून गेलो. दाराबाहेरूनच म्हटलं, प्लातोनकाका, बरोबरी करू या. दार उघडलं नाही. आतून नुसता हसला. खूप वेळ हसला." त्यानं मान खाली घातली. "नाझिब्रोलाबाईंना विचारा, त्यांनीही ऐकलं असेल."

त्यांनी ऐकलं होतं. म्हणजे पावणेअकराला प्लातोन जिवंत होता. पण त्यानं पोराची सुटका होत नव्हती. ज्याला हसतात तोच परत येतो, असं अंबरोसी म्हणणारच.

एतेरीनं टेबलावर त्याचा पट ओढला आणि सिगारेटच्या पाकिटावरून सोंगट्या मांडल्या. हत्ती सातव्या ओळीत ठेवून ती मागे सरकली आणि पोराच्या तोंडाकडे बघत राहिली.

आर्सेननं आधी सहज नजर टाकली. मग पुढे वाकला. ओठ हलू लागले. त्याच्यासमोर तपास अधिकारी आहे, दारात शिपाई आहे, बाराला बेड्या आहेत, हे सगळं तो साफ विसरला.

"अरे देवा," तो म्हणाला. "हे तर... मी मेलो यात. इकडे गेलो तरी मेलो. हे मला दिसलंच नव्हतं!" त्यानं आपली वही उघडून तिच्यापुढे टाकली. चार पानं होती. प्याद्याची चाल, राजाची चाल, पुन्हा प्याद्याची. हत्तीचं नाव कुठेच नव्हतं. "कुणी शोधली ही?"

"प्लातोनच्या पुढ्यात अशी मांडलेली सापडली."

"शक्य नाही." पोरगं फटकन बोललं. "ताई, मी त्याचे गेल्या दहा वर्षांतले सगळे डाव पाठ केलेत. हे त्याचं डोकं नाही. अशी शांत चाल त्यानं आयुष्यात स्वतःहून खेळलेली नाही. त्याला खायला हवं असतं, लगेच. त्यानं प्यादं ढकललं असणार, मी पैज लावतो."

"आणि प्यादं ढकललं असेल तर?"

आर्सेननं तिच्याकडे पाहिलं. त्याच्या चेहऱ्यावर हळूहळू एक हसू आलं, आणि ते चांगलं हसू नव्हतं.

"तर चौथ्या चालीला त्याचा हत्ती जातो," तो म्हणाला.

४

खालच्या सभागृहात मुख्य पंच कार्ल तेदेर सोंगट्या पुसत होते. हे एस्टोनियन गृहस्थ उंच, करडे आणि नियमांच्या बाहेर एक पाऊल न टाकणारे. भिंतीवरच्या मोठ्या फलकावर काल रात्री नऊला थांबलेला डाव लावला होता. एतेरीनं आपली मांडणी त्याच्याशी ताडून पाहिली. सगळं तसंच. फक्त हत्ती सातव्या ओळीत नव्हता.

"पंचसाहेब, ते पाकीट मला आत्ता उघडून हवंय."

"अकराला," तेदेर म्हणाले.

"माणूस मेलाय."

"हो. वाईट झालं. पण वेळ संपताना कोबालियांनी आपली पुढची चाल कागदावर लिहून पाकिटात बंद केली, त्यावर दोघांनी सह्या केल्या आणि मी ते तिजोरीत ठेवलं. चाल बंद करणारा आला नाही तरी पाकीट वेळेवर उघडायचं, असा नियम आहे. फक्त प्रतिस्पर्धी हजर हवा."

"आणि प्रतिस्पर्धी हजर नसला तर?"

"तर तो येईपर्यंत उघडायचं नाही."

"तो कोठडीत असला तर?"

तेदेरांनी पुसलेला वजीर उजेडात धरून पाहिला. "कोठडीबद्दल नियमात काही नाही. जप्तीचा हुकूम आणलात तर देईन."

हुकूम देणार अंबरोसी, आणि अंबरोसींना खेळातल्या चिठ्ठीत कसला रस? एतेरी खुर्चीत बसली आणि तिनं डोक्यात हिशेब मांडला. हत्तीची चाल पटावर होती. ती प्लातोननं स्वतः मांडली असेल, तर पाकिटातही हत्तीच निघेल. मग पटाचा पुरावा शून्य आणि आर्सेन संपला. पण पाकिटात दुसरं काही निघालं, तर पट मांडणारा कुणी दुसराच. आणि तो दुसरा कसा असेल? ज्याला बंद चाल माहीत नाही असा खुनी भिंतीवरची मांडणी जशीच्या तशी लावेल आणि पळेल. एक पाऊल पुढे जाऊन चुकायचा धोका तो कशाला घेईल? पुढची चाल मांडण्याची हिंमत एकच माणूस करील. आपल्याला ती ठाऊक आहे अशी ज्याची पक्की खात्री आहे तो.

साडेदहाला फोन पुन्हा वाजला. "उचललंस का त्याला?"

"साहेब, त्याला अकराला पटावर बसवते आहे."

अंबरोसींचा आवाज चिरका झाला. "तू काय करते आहेस?"

"डाव पुरा करते आहे," एतेरी म्हणाली आणि फोन ठेवून दिला. अठरा वर्षांत तिनं वरिष्ठाचा फोन कधी असा ठेवला नव्हता.

झाउर जिन्यात उभा होता. "बाई, मी खाली येऊ का? पाकीट उघडताना बघायचं होतं. निदान त्याच्यासाठी."

"नाही," एतेरी म्हणाली. "तुम्ही खोलीत थांबा."

५

अकरा वाजता सभागृहात दीडशे माणसं होती आणि कुणी खोकतही नव्हतं. पांढऱ्या सोंगट्यांमागची खुर्ची रिकामी होती. समोर आर्सेन, त्याच्या मागे दोन शिपाई.

तेदेरांनी पाकीट उंच धरून चारी बाजूंनी दाखवलं. सह्या तपासल्या. छोट्या कात्रीनं कड कापली, कागद काढला, वाचला आणि एकदा भिवया किंचित वर केल्या. मग त्यांनी मेलेल्या माणसाच्या वतीनं हात पुढे केला.

हत्ती जागचा हलला नाही. प्यादं एक घर पुढे सरकलं.

सभागृहातून एक सुस्कारा फिरला. तेदेरांनी घड्याळाची कळ दाबली. आर्सेनचा वेळ सुरू झाला. चार मिनिटं पोरगं हलत नव्हतं. मग त्यानं घोडा उचलून पांढऱ्यांच्या गोटात टाकला आणि घड्याळाची कळ दाबली.

आता मेलेल्याचा वेळ चालू झाला. चाळीस मिनिटं शिल्लक होती आणि नियमाप्रमाणे ती सगळी संपायची होती. रिकाम्या खुर्चीसमोर ते घड्याळ टिकटिकत राहिलं. आर्सेननं हाताची घडी घातली. कालपर्यंत जो त्याच्या आईच्या मिरच्यांवर हसत होता, त्याची मिनिटं जाताना तो मन लावून बघत बसला. कुणी त्याला दोष दिला नसता, पण एतेरीला ते बघवेना. ती पाकिटातला कागद आणि बरोबर एक शिपाई घेऊन वर गेली.

६

झाउर खिडकीशी बसला होता. बाहेरचा सज्जा सरळ प्लातोनच्या खोलीला जोडलेला होता. एतेरीनं आल्या आल्या तो पाहून ठेवला.

"उघडलं?" तो उठलाच. "आर्सेन काय खेळला?"

"बसा. आधी मला एक सांगा. बंद चाल आणखी कुणाला माहीत होती?"

"कुणालाच नाही. बायकोलासुद्धा नाही. मला एकट्याला." पुन्हा तोच अभिमान. "अशी गोष्ट माणूस एकालाच सांगतो, बाई."

"कशी सांगितली? शब्द आठवतात?"

"न आठवायला काय झालं? नऊ वाजता पटावरून उठला, मला कोपऱ्यात घेतलं. म्हणाला, झाउर, तू असतास तर काय बंद केलं असतंस? मी म्हटलं, हत्ती सातव्या ओळीत. त्यानं माझ्या खांद्यावर थाप मारली. म्हणाला, शाबास, तेच टाकलंय पाकिटात." झाउर हसला. "किती वर्षांनी आम्हाला एकच चाल दिसली."

एतेरीनं कागद त्याच्यापुढे ठेवला.

झाउरनं तो वाचला. पुन्हा वाचला. अक्षर प्लातोनचं होतं, सही प्लातोनची होती.

"प्यादं?" तो म्हणाला.

"तुम्ही आधी सांगितलंत, म्हणून त्यांनी शाबास म्हटलं. त्यांना हत्ती दिसलाच नव्हता."

झाउरनं डोळे मिटले. ओठ हलू लागले, आर्सेनचे हलले होते तसेच. "प्यादं पुढे... घोडा आत... शह... राजा कोपऱ्यात..." तो थांबला. डोळे उघडले तेव्हा त्यांत काहीच नव्हतं. "हत्ती जातो. म्हणजे आज हरणार होता तो. बारा वाजता, सगळ्यांसमोर."

"हो."

"सत्तावीस वर्षं तो माझ्या चालींवर जिंकला. आज पहिल्यांदा स्वतःच्या चालीवर हरणार होता."

एतेरीला त्याची दया आली. तिला ते जाणवलं, आणि तरी ती थांबली नाही, कारण खाली एका पोराच्या मागे दोन शिपाई उभे होते. हातात पक्का पुरावा नव्हता. वकील म्हणणार की झाउरकडून ऐकलेली चाल म्हाताऱ्यानं रात्री स्वतःच लावून पाहिली. ही पळवाट तिनं स्वतः उघडून दिली.

"ठीक आहे. माझा अहवाल तयार आहे. आपली चूक झाली हे ग्रँडमास्टर कोबालियांच्या रात्री लक्षात आलं. ते पटाशी बसले आणि जिंकणारी चाल त्यांनी शोधून काढली. ती पटावर सापडली. वर्तमानपत्रवाले खाली थांबलेत. 'कोबालियाची शेवटची चाल' असं छापतील बहुतेक. तुम्हाला काही अडचण नाही ना?"

झाउरला नुसती मान हलवायची होती. तेवढ्यावर तो सुटला असता.

"त्यानं नाही शोधली," तो म्हणाला.

"पट त्यांच्या पुढ्यात होता."

"पट मी मांडला!" तो ओरडला. "माझी चाल आहे ती! बारा पानं आहेत माझी! त्या डुकराला ती मेल्यावरसुद्धा मिळणार नाही!"

दारातला शिपाई आत आला. एतेरीनं हातानं त्याला थांबवलं.

मग झाउर सगळं शांतपणे बोलला. साडेअकराला तो सज्ज्यातून वही घेऊन गेला होता. डाव जिंकलाय म्हणून सांगायला. आनंदात होता. म्हणाला, आता तरी माझ्या किताबाच्या शिफारशीवर सही कर. प्लातोन खुर्चीत रेलून चाचा पीत होता. म्हणाला, कसली सही? आठ वर्षं समितीत तुझं नाव मीच कापतोय. तू ग्रँडमास्टर झालास तर स्वतःसाठी खेळशील. मग माझ्यासाठी चाली कोण शोधणार? आणि डोळे मिटून घोरायला लागला.

"वहीकडे बघितलंही नाही त्यानं," झाउर म्हणाला. "बघितली असती तर कदाचित मी उशी उचलली नसती." त्यानं कागद बोटानं दूर सारला. "पट मांडताना वाटलं, बंद केलीय तीच मांडतोय. जबानीत एवढं नीट लिहा, बाई. चाल माझी."

तिनं लिहिलं. त्यानं वाचून खाली सही केली. बाराला दहा कमी असताना खालून टाळ्यांचा आवाज आला. प्लातोनचा वेळ संपला होता.

७

मॉस्कोला भानगड नको होती. खटला बंद दाराआड चालला, झाउरला पंधरा वर्षांची शिक्षा झाली आणि एतेरीनं घेतलेल्या जबानीची फाइल लाल शिक्का मारून कपाटात गेली. ग्रँडमास्टर कोबालिया हृदयविकारानं गेले, असं वर्तमानपत्रांत आलं. मेदेआ संध्याकाळी रडली.

फेब्रुवारीत बुद्धिबळाच्या मासिकाचा अंक एतेरीच्या टेबलावर पडला. मधल्या दोन पानांवर लेख होता: 'कोबालियाची शेवटची चाल'. पाकिटात घाईनं प्यादं गेलं, पण मृत्यूच्या रात्री गुरुवर्यांनी एकट्यानं पटाशी बसून हत्तीची ती अप्रतिम चाल कशी शोधली, हे तपशीलवार दिलं होतं. खाली लेखकाचं नाव होतं, ग्रँडमास्टर आर्सेन बाबायान.

तिनं येरेवानला फोन लावला.

"ताई, माझी मान तुम्ही सोडवलीत, जन्मभर विसरणार नाही," आर्सेन म्हणाला. त्याचा आवाज आता जाड झाला होता. "पण मासिकानं लेख मागितला. कैद्याचं नाव कसं छापणार ते? आणि पटावर चाल म्हाताऱ्याच्याच पुढ्यात होती, खोटं काय लिहिलंय मी?"

एतेरीला त्याला खूप काही सुनावायचं होतं. पण झाउरच्या तोंडून आपण कबुली कशी काढून घेतली हे तिला आठवलं. अहवालात हेच लिहीन म्हणून तिनं त्याला भीती घातली होती. मग लेखाचं ते नावही आपलंच की. तिनं फोन ठेवला.

अंक झाउरला टपालानं पाठवायची हिंमत तिला झाली नाही. पण त्याचा उपयोग नव्हता. कैद्यांचं मन रमावं म्हणून ते मासिक तुरुंगाच्या वाचनालयात दर महिन्याला येतं, आणि झाउर तोदुआला तिथे वाचनालयाचंच काम दिलं होतं.